जिन्यातला खंडोबा

(शिरूर, २००३. नकाशाच्या ऑफिसात बाप आणि आर्किटेक्ट लेक.)

भिमाजी : अजून फिरतंयच व्हय ते कॉम्प्युटरवरचं? एवढ्या वेळात हातानं नकाशा काढून वर चहा पिलो असतो.

अनुपमा : प्या ना, आप्पा. हे बघा, तुमची खुटबावची सोसायटी स्क्रीनवर उभी राहिली.

भिमाजी : माझ्या इमारती तीस वर्सं कागदावर उभ्या हायेत. त्यांना वीज लागत न्हाई.

अनुपमा : जिना मधोमध कापून आतनं बघते.

भिमाजी : बघ की. परवा स्लॅब हाय, तवर बघत बस.

अनुपमा : जिन्यावर बीम येतोय. खाली डोक्याला जागा फक्त पाच फूट दोन इंच.

भिमाजी : पुण्यात जुनं झालेलं सॉफ्टवेअर आणलंस, त्याला फुटातलं कळत नसंल.

अनुपमा : आकडे तुमचेच आहेत. जिना एका कागदावर, बीम दुसऱ्यावर. दोघांची कधी गाठच पडली नाही. इथं इमारत एकच, सगळे नकाशे तिच्यातनंच निघतात.

भिमाजी : पाच वर्सं बापाच्या चुका काढायलाच शिकलीस म्हण की.

अनुपमा : आता बघा. जिना तीन फूट मागं घेतला. प्लॅन, सेक्शन, दर्शनी बाजू, सगळं आपोआप बदललं. तुम्हाला किती दिवस लागले असते?

भिमाजी : चार. आन् खोडायला दोन ब्लेडं.

अनुपमा : तरी एखाद्या कागदावर बदल राहिलाच असता.

भिमाजी : ऱ्हायचा कवातरी.

अनुपमा : तुमच्या दौंडच्या पतपेढीत राहिला, तसा?

भिमाजी : तिला काय झालंय? बावीस वर्सं उभी हाय.

अनुपमा : जिन्यात सगळे वाकून उतरतात.

भिमाजी : बीमवर खंडोबाचा फोटो हाय. भाविक लोक हायेत.

अनुपमा : फोटो कुणी लावला, आप्पा?

भिमाजी : मीच. उद्घाटनाच्या आदल्या दिवशी चेअरमनचं डोकं आपटलं. एका रात्रीत नवा जिना कुठनं आणू? फोटो मिळाला. लोक पाया पडत्यात. मीबी वाकतो, पण लाजंनं देवाकडं बघवत न्हाई.

अनुपमा : मग खुटबावला कुठला देव लावायचा?

भिमाजी : फोन दे इकडं. चांगदेव मिस्त्रीला स्लॅब थांबवायला सांगतो.

अनुपमा : तो कारण विचारेल.

भिमाजी : सांगीन, आप्पाचं चुकलं. तू नवा नकाशा काढ, खाली नाव तुझं टाक.

अनुपमा : दोघांचं टाकते.

भिमाजी : मग माझं खाली टाक. बावीस वर्सं वाकायची सवय हाय.