टिटवीचा मेनू

दादा : उपटलीस? तिच्या गेमची चिप उपटलीस? मी तुला नुसतं बघ म्हटलं होतं!

धाकटा : दादा, मशीन मेलंच होतं. बॅटरी फुगून आतलं सगळं गंजलं होतं. मेमरी तेवढी धड होती, ती काढून घेतली. ते रिकामं कव्हर खाली ठेव आधी, कडा लागतील हाताला.

दादा : नाही ठेवणार! पोरगी गेल्यापासून मी याला कुणाला शिवू दिलं नाही. तिचा आवाज जगात एवढ्यातच उरलाय, आणि तू मला न विचारता हे फोडलंस?

धाकटा : विचारलं असतं तर दिलं असतंस?

दादा : वर तोंड करून मलाच विचारतोयस!

धाकटा : ऐकून तरी घे. आवाज मेमरीत आहे, पण कुलूपबंद. ते कुलूप फक्त या गेमचा मेनू उघडतो. म्हणून मी कॉम्प्युटरवर या मशीनचं सोंग उभं केलंय. मेनूला वाटतंय, तो अजून टिटवीच्याच हातात आहे. बघ, सुरू झाला.

दादा : ...हे नाव तिनंच टाकलेलं. 'टिटवी'. जांभळ्या रंगात.

धाकटा : हो. आता तिचं रेकॉर्डिंग लावतो.

(स्पीकरमधून चिरका, भरभर आवाज.)

दादा : बंद कर! बंद कर म्हणतो ना! ही माझी टिटवी? उंदीर चिरडल्यासारखं काय वाजवतोयस? लाज वाटत नाही?

धाकटा : वेग चुकलाय रे. माझ्या सोंगाचं घड्याळ पळतंय. खऱ्याचं कसं चालायचं ते आता मोजता येत नाही, मी अंदाजानं धरलंय.

दादा : माझ्या पोरीचा आवाज तू अंदाजानं काढणार?

धाकटा : मग तू सांग ना! मी तिच्याशी फोनवर बोललो तेवढाच. घरात रोज तू ऐकायचास. मी हळू करत जातो, कुठे थांबायचं ते तू सांग.

दादा : नाही सांगणार.

धाकटा : अरे पण का?

दादा : आठवत नाही म्हणून! झालं समाधान? बापाला पोरीचा आवाज आठवत नाही!

वहिनी : भाऊजी, हळू करा.

दादा : तू कधी आलीस?

वहिनी : तुमचं ओरडणं जिन्यापर्यंत ऐकू येतंय. करा भाऊजी. अजून. अजून थोडं... नाही, आता जाड झाला. किंचित मागे घ्या. हं. बस्स, हीच.

धाकटा : पहिल्यापासून लावतो.

टिटवी : बाबा! कितीदा सांगितलं, माझ्या गेमला हात लावायचा नाही! ठेवा आधी खाली! ठेवा म्हणते ना!

वहिनी : डोकं अगदी तुमचं घेतलं होतं तिनं.

दादा : ठेवला गं बाई. हा बघ, ठेवला खाली.