तीस न्हाणीघरांची बाग

मंडळी, ऐका! माणूस कधी ओळखावा — विहीर भरल्यावर, की आटल्यावर? तुम्ही म्हणाल, आटल्यावर! सोपं आहे. विहीर दुसऱ्याची आहे ना!

आपले भागूजी ढाकणे! विहीर तुडुंब असताना पारावर बसून काय म्हणाले? "पडू द्या दुष्काळ! अख्ख्या गावानं घागरी घेऊन माझ्याकडं यायचं!"

दुष्काळ पडला. गाव आलं — घागरी घेऊन! भागूजी ऐटीत काठावर. पोहरा सोडला — ठण्ण! वर काय आलं? एक बेडूक. तोही कोरडा!

हसता काय? तीस मोसंबीची झाडं होती हो त्या विहिरीवर! बारा वर्षं लेकरासारखी वाढवलेली. पानं वळायला लागली. भागूजींनी देवाला हाका मारमारून घसा बसवला. देव म्हणाला असेल, अरे, कौतिका दिलीय ना तुला!

कौतिका म्हणजे घरधनीण. ती म्हणाली, "रडता काय? टँकरच्या पाण्यात आपण जगतोय, झाडं बी जगतील. उद्यापासनं न्हाणीघर बंद! अंघोळ झाडाखाली. पाच माणसं, तीस झाडं — सहा दिवसांनी पाळी. आन् साबण लावाल तर बघा! डाळीचं पीठ लावा!"

झालं! बाग कुठं? ऐन रस्त्याला! भागूजी चड्डीवर, अंगभर पीठ — आणि एसटी थांबायची. कंडक्टर विचारायचा, "भागूजीराव, भजी कधी तळायची?"

पुढं जावई आले. शहरातले! "मामी, न्हाणीघर कुठाय?"

"हे काय, बावीस नंबर! लई वाळलंय बिचारं. तुमचा पायगुण लागू द्या. तांब्या दमानं ओता बरं — बुंध्यावर!"

आठ दिवस राहायला आलेले जावईबापू दुसऱ्याच दिवशी गेले. कौतिकाबाई किती हळहळली! जावयासाठी नव्हे हो — बावीस नंबरसाठी!

पण मंडळी, पावसाळा लागला तेव्हा तिसाच्या तीस झाडांना पालवी! बावीस नंबरलासुद्धा!

आता तुमच्याकडं येतो. तुमच्या नळाला पाणी आहे. अंघोळीचं पाणी कुठं सोडता? शेजाऱ्याच्या दारात! आणि इथं टाळ्या वाजवता?

भागूजीराव समोरच बसलेत. त्यांची सवय अजून सुटलेली नाही. माझ्यासाठी ठेवलेला पाण्याचा तांब्या त्यांनी आत्ताच मंडपाच्या केळीला ओतला. केळ कालच तोडून आणलेली आहे.