कुठल्या तळ्यातले मासे?

गावच्या दुकानात रांगेत माझ्यापुढे म्हाताऱ्या आउलिक्कीबाई होत्या आणि त्यांच्यापुढे, माशांची बादली घेतलेला त्यांचा शेजारी वेइक्को.

“गोड्या पाण्यातल्या शेवंडांच्या सापळ्यात आमिष का रे?”

“हो काकू. ताज्या माशाला शेवंड लगेच येतात.”

“कुठले मासे?”

“आज सकाळचेच.”

“कधीचे नाही, कुठले विचारलं.”

“पलीकडच्या तळ्यातले.”

“जिथले सगळे शेवंड रोगानं मेले, तिथले?”

“मासे कुठं मेले?”

“त्यांच्या अंगावरून रोग येतो, बाबा! आपल्या तळ्यात सापळे टाकलेस?”

“छे!”

“मग बादली अर्धी कशी?”

“मांजराला घातले.”

“तुझं मांजर तर हिवाळ्यातच गेलं.”

“…दोनच सापळे टाकलेत, काकू.”

“रोग पसरायला एकसुद्धा पुरतो रे.”