मगरींचा काका

प्लास्टर काढायच्या खोलीबाहेर नर्सबाई कागद भरत होत्या. बाकावरच्या म्हाताऱ्याचं आणि तरुणीचं बोलणं आपसूक कानावर पडत होतं.

“काका, आम्हाला ज्याचे जीवाश्म सापडले, त्या नामशेष प्राण्याला तुमचं नाव दिलंय.”

“मगरीच्या पूर्वजाला? माझं?”

“थेट पूर्वज नाही हो. बाजूच्या फांदीवरचा. घोट्याच्या हाडावरून ठरलं. मगरींचा काकाच म्हणा.”

“आणि त्याचा वंश?”

“पुढं चालला नाही.”

“मग शोभतंय. पण मी असं काय केलं?”

“आईबाबा गेल्यावर मला वाढवलंत की.”

“त्यात काय? घरातलंच पोर तू.”

नर्सबाईंनी मान वर केली. “तुम्ही यांच्या कोण?”

“पुतणी,” काका म्हणाले.

“मुलगी लिहा,” ती म्हणाली.

“आणि तुझं शास्त्र?”

“ते मगरींपुरतं.”