नांदगावचे पाव्हणे मुऱ्हा बघायला आले

नाय नाय, घ्या की तुम्ही, मी कुठं नको म्हणतोय? — फक्त आधी नीट बघून घ्या म्हणतो. नांदगावहून एवढ्या उन्हात आलात. ललितनं फोनवर काय काय सांगितलं असंल — हरियाणाची मुऱ्हा, अस्सल, बादली भरून दूध. माझाच पोरगा हाय, खोटं बोलतो असं कसं म्हणू? पण त्यो राहतो ओझरला, फ्लॅटात. म्हैस त्याला मोबाईलात दिसती. मोबाईलात बघूनच ट्रकनं आणली हितं. मोबाईलात तर मी बी तरणा दिसतो, पाव्हणं.

शिंगं बघताय? बघा, जिलेबीवाणी हायेत, कौतुकाचीच. दाव्यात अडकली का सोडवायला मी. आन खाणं — तिकडं म्हणं हिरवागार बरसीम घास खायची. हितं आमच्या देवळा गावात मक्याची कुट्टी. पहिल्या दिवशी टाकली तर असं तोंड फिरवलं, जसं काय मी तिला लग्नात शेवटच्या पंगतीला बसवलं. आन पाण्याचं तर इचारूच नका! तिकडं गावागावाला तळं, म्हशी दिवसभर गळ्याइतक्या पाण्यात. आमचं तळं कोणतं? — शेततळं, कांद्यासाठी, प्लास्टिकचा कागद टाकलेलं. तिला काय ठावं? पहिल्याच उन्हाळ्यात दावं तोडून शिरली आत. शिरली ती शिरली, वर कशी येणार? कागदावर खूर टिकतोय व्हय? चढायची, घसरायची — चढायची, घसरायची — निम्मं गाव काठावर. एक म्हणतो शेपूट धरा, एक म्हणतो हिंदीत बोलवा, तिला मराठी कळत नाय. शेवटी जेसीबी आणला. कागद फाटला, पाणी गेलं, कांदा वाळला — आन ही बाहेर आली ती एवढी गार, एवढी खूष, का मलाच हसू आलं. ललितला नाय आलं. त्यो तवापासनं म्हणतो, नाना, इकून टाकू.

आता ऊन चढलं का मीच वल्या गोणपाटानं अंग पुसतो तिचं. घटकाघटकाला. तुमच्याकडं कोण करंल? तुमची मंडळी करतील? मला काय, दुसरं काम काय हाय? मालनबाई — बायको माझी — ती गेल्यापासनं घरात बोलायला कोण? म्हणून हिच्याशी बोलतो. पाय दुखला, आमटी खारट झाली, सुनेनं, चैतालीनं, फोनवर "नाना, गोळी घेतली का" इचारलं आन मी तोंड उघडायच्या आत ठेवून बी दिला — समदं सांगतो. ऐकती. कान हलवती. ललितपेक्षा बरी.

तसं नाय हां, ती जाऊ नये म्हणून बोलतोय असं समजू नका. गेली तर माझी सुटकाच. ललित म्हणतो, म्हैस गेली का घराला कुलूप, तुम्ही ओझरला चला. लिफ्ट हाय तिथं. गॅलरीत खुर्ची बी टाकून ठिवलीय माझ्यासाठी — आभाळातली इमानं बघायची दिवसभर. इमानाला काय सांगायचं, आमटी खारट झाली म्हणून?

जाऊ द्या. आपलं म्हशीचं चाललंय.

दूध? दूध कुठलं! आटली ती. म्हणजे — पान्हा चोरती. परक्याचा हात लागला का लाथ. तुम्ही धार बघितल्याबिगर जाणार नाय, ठावं हाय मला, रीतच हाय तशी. म्हणून तर बादली घेऊन बसलोय. आता कासेला हात लावतो — चूळभर निघंल, तुमच्याच डोळ्यांनी बघा, मग चहा घ्या आन सुखानं नांदगावला —

अगं. अगं बाई, थांब. अजून हात बी नाय लावला. — पाव्हणं, खाली बघू नका, पाणी हाय ते, मघाशी धुतली व्हती — अगं, सोडू नको पान्हा! मी तुझ्याशी नाय बोलत, पाव्हण्यांशी बोलतोय! आवाज माझा असला म्हणून काय झालं, समदं तुलाच सांगतोय व्हय? — चारी थानं गळायला लागली, काय म्हणावं हिला...

काय? सौदा पक्का म्हणून ललितला फोन लावता? लावा. लावा की. मी तवर बादली धरतो, वाया कशाला घालवायचं.

आता मी बोलत नाय.