उभा फोटो

—नाही नाही, त्या खुर्चीत नको, इथेच बरी आहे मी. आणि कॅमेरा उभा का धरलात हो दादा? जाहिरातीसाठी म्हणता ना? तो फोटो आडवा काढतात, एवढं कळतं मला — अकरा वर्षं या मालिकेत हिरोची आई आहे मी. अकरा वर्षांत माझा असा समोरून, एकटीचा फोटो कुणी काढलाय? कुणी नाही. माझी पाठ दिसते, नाहीतर चहाचा ट्रे दिसतो. आणि आज अचानक 'ताई, जरा छान हसा'? काहीतरी शिजतंय. उभा, हसरा फोटो कशाला लागतो ते मला शिकवू नका — मालिकेतली बाई मेली, की भिंतीवर लावायला!

कोणी पाठवलं तुम्हाला, लेखकसाहेबांनी? वाटलंच. सोमवारी मी त्यांना एवढंच म्हटलं, की ही बाई अकरा वर्षं 'जेवलास का?' विचारतेय, एकदा तरी तिला चिडू द्या — मुलगा घर विकायला निघालाय आणि ही नुसती डोळे पुसतेय! हसले. 'बघतो' म्हणाले. हे बघणं होय? — माहीत नाही म्हणता? मग खाली का बघताय?

आधी या मालिकेत हिरोची आजीही होती. बहात्तरची, पण संवाद एकही विसरायची नाही. तिचाही असाच फोटो काढला. ती हसेना, तर कॅमेऱ्यामागे उभं राहून नकला करून तिला हसवलं कुणी? मीच. मला काय माहीत, की — जाऊ दे, खोटं कशाला बोलू, माहीत होतं. तिचे प्रसंग मला मिळणार होते. आठवड्यात ती भिंतीवर गेली, आणि मी खाली उभी राहून अशी रडले, की सगळे म्हणाले, काय रडलात हो! रात्री तिचा फोन आला. 'फोटो चांगला आलाय गं माझा.' एवढंच म्हणाली.

आणि तो हिरो, माझा मुलगा — माझ्याहून तीनच वर्षांनी लहान आहे, सांगू नका कुणाला. त्याला यंदा नवी नायिका. मला भिंतीवरचा खिळा.

थांबा, कुठे निघालात? काढा की. फक्त हसणार नाही मी. घर विकायला निघालेल्या मुलाकडे आईने बघावं ना, तशी बघणार. लावा म्हणावं लेखकसाहेबांना हा भिंतीवर, आणि याच्याखाली उभं राहून एक तरी संवाद धड म्हणून दाखव म्हणावं त्या हिरोला!

काढलात? — मग तो दिवा घालवा. आणि या आता.