निहारचं मत आणि माझं

—नाही गं शमिका, पाठ आहे माझं. घोकून घेतलंय त्यानं. काल जेवताना, आज सकाळी मी दात घासत होते तर दाराबाहेरनं— आई, म्हण बघू एकदा. म्हणून दाखवू? 'मी स्नेहलता दत्तात्रय गुर्जर. चाळीसहून जास्त वर्षं इंग्लंडमध्ये राहिले. दोन हजार सोळा साली मी रिमेनला मत दिलं. आता पुन्हा एकदा मतदान व्हायला हवं, कारण मला माझ्या मुलाजवळ राहायचंय.' झालं. इंग्रजीतही एवढंच आहे, तेही येतं. शाळेत कविता पाठ करायचे त्यापेक्षा सोपं. तू बस की. निहार ब्रेझन, म्हणजे ते इथले खारे पाव, आणायला गेलाय, रविवारी या उंटरश्लाइसहाइममध्ये तेवढी एक बेकरी उघडी, सगळं गाव रांगेत. सूनबाई, ऊर्मिला, नातीला घेऊन पोहायला गेलीय— म्हणजे निहारनंच पाठवलंय गं दोघींना, रेकॉर्डिंगमध्ये आवाज नको म्हणून. आणि तो येईपर्यंत आपण सुरू करायचं नाही असा हुकूम आहे. ते तुझं यंत्र बंद आहे ना? लाल दिवा नाही म्हणजे बंद. बरं.

तू पुण्याची, तुला गं काय पडलंय आम्हा ब्रिटिशांच्या मतदानाचं? निहारचं मी समजू शकते, त्याचा तो ग्रुप आहे, जर्मनीतले सगळे ब्रिटिश, आता लंडनला मोठा मोर्चा आहे त्यात ही फिल्म दाखवणार म्हणे, माझ्यासारख्या म्हाताऱ्यांची. पण तू? —यावर डॉक्टरेट? थांब, मला नीट सांग. लोकांना दुसऱ्यांदा विचारावं का, याबद्दल लोकांना काय वाटतं, हे तू विचारत फिरतेस. म्हणजे विचारावं का, हे विचारायचं. आणि त्याला म्युनिकची युनिव्हर्सिटी पैसे देते. बरंय बाई! नाही, हसत नाहीये मी. चांगलंच आहे. मग मलाही विचार की. पाठ केलेलं सोडून. विचार, विचार.

—मला काय वाटतं. हं. गंमत बघ, हा प्रश्न मला पहिल्यांदाच कुणीतरी विचारला. खरंच सांगते. दुसऱ्यांदा विचारा, दुसऱ्यांदा विचारा म्हणून हे लोक रस्त्यावर उतरलेत, आणि मला पहिल्यांदाही कुणी विचारलं नव्हतं. म्हणजे सरकारनं विचारलं, घरात नाही. हे धरूनच चालले होते. आमचे हे म्हणजे कसे— लेस्टरच्या कारखान्यात उभी हयात गेली, पण रोज संध्याकाळी बातम्यांसमोर बसून राज्य यांनीच चालवायचं. पोरगा जर्मनीत गाड्यांची इंजिनं करतोय, तर आपण रिमेन, युरोपातच राहायचं, विषय संपला. आपण म्हणजे त्यात मी आलेच. आणि निहारनं तर त्याचं मतच माझ्याकडे दिलं होतं. प्रॉक्सी म्हणतात त्याला. तो इकडे, मतदान तिकडे, तर त्याच्या वतीनं मी जाऊन द्यायचं. बाबांकडे का नाही दिलं? मीही विचारलं त्याला. म्हणाला, बाबा विसरतील नाहीतर तिथं कुणाशी तरी भांडतील, तू बिनचूक करशील.

बिनचूकच केलं मी. शाळेत होतं मतदान, कोपऱ्यावरच्याच. हे पुढे, मी मागे. आधी माझा कागद दिला, मग म्हटलं, मुलाचाही आहे, तेव्हा तो दिला. आडोशाला गेले. तिथं शिसपेन्सिल असते, दोरीनं बांधलेली, शाळेतल्यासारखी. दोन कागद शेजारी-शेजारी ठेवले. तिकडे फुली मारायची असते, माहितीय ना— हवं त्याच्यापुढे फुली. सुरुवातीची कित्येक वर्षं माझा हात अडायचा, आपल्याकडे चुकलं की फुली. तर निहारच्या कागदावर रिमेनपुढे मारली. अगदी चौकोनाच्या मधोमध, दोन्ही रेघा सारख्या. दुसऱ्याची वस्तू ना ती. आणि मग माझा— चहा टाकू का गं? ब्रेझन येईस्तोवर अर्धा अर्धा? इथं दूध बरं मिळतं. नको? बरं, राहू दे.

काय सांगत होते? हां, निकाल. सकाळी उठलो तर सगळं उलटं. हे पलंगावर बसून राहिले, चष्मा हातात. म्हणाले, 'कोण असतील गं ही माणसं?' आणि मग तो चाळाच लागला यांना. दूध आणायला गेले की दुकानदाराकडे बघायचे— हा असेल का? पोस्टमन? समोरची ती केटी, एवढी गोड हसते, ती असेल का? रोज संध्याकाळी मला विचारायचे, कोण असतील? मी म्हणायची, असतील कुणीतरी, तुम्ही जेवा. आणि मग आत्मारामभाऊजींचं झालं. आत्माराम कर्णिक म्हणजे यांचा जुना मित्र, आमच्याच गल्लीत, बायको गेल्यावर रोज आमच्याकडे चहाला. त्यांनी काही लपवलं नाही. सरळ सांगितलं, दत्तू, मी लीव्हला दिलं. मला वाटलं ते बरोबर होतं. हे उठले, आतून त्यांची छत्री आणली, त्यांच्या हातात दिली. पाऊसही नव्हता. संपलं. त्यानंतर रस्त्यात समोरून आले तरी हे पलीकडच्या फुटपाथवर. एवढ्या वर्षांची मैत्री, आणि त्या एका गल्लीत आत्मारामभाऊजींचं आणि माझं दोनच काय ती—

म्हणजे आत्मारामभाऊजींचं.

अशी बघू नकोस गं. हुशार आहेस. त्या दिव्याकडे बघ, बंद आहे ना? हो. मारली. माझ्या कागदावरची फुली मी लीव्हपुढे मारली. आता म्हणशील, आजी त्या लोकांतल्या, परके नकोत म्हणणाऱ्या. अगं, परकी तर मीच. मला त्यांचं काय ते मासे आणि कायदे आणि हॉस्पिटलं, काही म्हणजे काही नव्हतं. एकदा हे वर औषध आणायला गेले होते, तेव्हा आत्मारामभाऊजी चहा ढवळत म्हणाले, 'वहिनी, बाहेर पडलो ना, की ही तिकडे गेलेली सगळी पोरं परत येतात बघा. राहूच देणार नाहीत त्यांना.' एवढंच म्हणाले. पुढे कपात बिस्कीट पडलं त्यांचं, ते काढत बसले. पण माझ्या डोक्यातनं ते जाईना. दोन वर्षांसाठी जातो म्हणून गेला होता निहार. दोन वर्षं! त्याची खोली मी तशीच ठेवली होती, दर शुक्रवारी पुसायची. लग्न झालं, इकडेच. मुलगी झाली, इकडेच. मी तिच्याशी फोनवर मराठीत बोलायची, ती जर्मनमध्ये उत्तर द्यायची, आणि मध्ये निहार भाषांतर करायचा— माझ्या नातीचं, मला. मी कधी तोंडानं म्हटलं नाही, परत ये. यांनी म्हणू दिलंच नसतं, मुलाच्या पायात पाय घालू नकोस म्हणायचे. तर मग तिथं त्या आडोशात कुणी नव्हतं. नवरा नाही, मुलगा नाही, पेन्सिल माझ्या हातात. म्हटलं, त्याचं मत त्याला दिलं, आता माझं मला. आणि मनातल्या मनात म्हटलं, निहार, घरी ये रे.

आला का? अगं, उलटंच झालं! त्या निकालाच्या आधी तो कधीतरी म्हणायचा तरी, बघू आई, पुढेमागे लेस्टरला काही मिळालं तर. निकाल लागला आणि घाबरला तो. इकडचं राहणं जाईल, नोकरी जाईल, मुलीची शाळा— तर गेला आणि जर्मन नागरिकत्वाचा अर्ज करून आला. त्यांची परीक्षा असते, ती दिली. मग फोन केला, एवढा खूश, म्हणाला, 'आई, आता काळजी नाही. आता मी पक्का इकडचा.' हे म्हणाले, शाब्बास. आणि मला म्हणाले, पेढे कर गं, आणि त्या लोकांना दाखवून द्यायला एक डबा आत्मारामकडे पाठवूया— म्हणजे थट्टेत. मी पेढे केले. दूध आटवताना रडले थोडी. पण ते दूध आटवताना कुणाला काय कळतं, वाफ असते.

नाही, पश्चात्ताप नाही म्हणणार मी. मत होतं माझं, दिलं. वाईट वाटतं ते यांचं. अठराच्या सुरुवातीला यांची छाती बिघडली, हॉस्पिटलात होते. आत्मारामभाऊजी आले भेटायला. संत्री सोलून आणली होती, यांना सोलता येणार नाही म्हणून. हे भिंतीकडे वळले. मी पलंगापाशी उभी. त्या वेळी मी एवढंच म्हटलं असतं ना— अहो, बघा इकडे, मीही त्यातलीच आहे, मला ठेवलंयत ना घरात, मग यांनाही बसू द्या. तेवढं वाक्य होतं. ओठावर होतं. आणि नाही निघालं. मला वाटलं, माझ्याकडेही पाठ फिरवली तर? शेवटचे दिवस गं ते. भाऊजी संत्री टेबलावर ठेवून गेले. दोन दिवसांनी हे गेले. जायच्या आदल्या दिवशी माझा हात धरून म्हणाले, 'तू होतीस म्हणून बरं. या घरात तरी आपण एका मताचे होतो.' हो म्हटलं मी. काय म्हणणार होते? हो म्हटलं.

मग घर विकलं आणि निहार मला घेऊन आला. म्हणजे बघ, मला हवं होतं ते मिळालंच, मुलगा मिळाला, नुसतं ते या बाजूनं मिळालं. आणि आता मी मारलेल्या त्या फुलीनं मलाच इथनं उठवायची वेळ आणलीय. ती बाहेर पडायची मार्चची तारीख आली की मी इथं कोण, हे कुणाला सांगता येत नाही. निहार माझे कागद घेऊन ऑफिसात जातो, ते म्हणतात, थांबा, लंडनला काय ठरतंय ते बघू. रात्री नात येते माझ्या पलंगावर, विचारते, 'ओमा, ब्लाइबस्ट डू?' राहणार का गं तू आजी. मला जर्मनमधला तो एकच शब्द नीट कळतो. तोच होता ना त्या कागदावर— राहायचं का जायचं. मी तिला म्हणते, जा, जा, आणि ती झोपते. इथं 'जा' म्हणजे हो, मला अजून सवय नाही. दर वेळी माझ्याच तोंडून ऐकते आणि तिचं पांघरूण उगाच पुन्हा सारखं करते.

तर तुझा प्रश्न. दुसऱ्यांदा विचारावं का? निहारला सांग, विचारावं. तुझ्या त्या आकड्यांतही घाल मला, विचारावं म्हणणाऱ्यांत, मोर्चाला तेवढीच एक म्हातारी जास्त. पण तुला म्हणून सांगते बाळ, मला ते नकोय. मला ती सकाळ परत हवी. हे पलंगावर बसलेत, चष्मा हातात, विचारतायत कोण असतील ही माणसं— आणि मी म्हणते, अहो, मी. मग काय भांडायचं ते भांडले असते. चार दिवस जेवले नसते. पाचव्या दिवशी जेवले असते, मला माहितीय ना माझा नवरा. आणि भाऊजींना हाक मारली असती. ते कुठल्या मतदानात ठेवणार आहेत? ठेवत असतील तर सांग, चालत जाते मी लंडनला.

—खालचं दार वाजलं. तोच. पाय पुसतोय बघ, अजून लहानपणासारखे तीन-तीनदा पुसतो. हे तुझ्या डॉक्टरेटमध्ये जाणार नाही. नाव काढूनही नाही. शपथ-बिपथ नको, नुसतं नाही म्हण. तो तिकडे सगळ्यांना सांगत असतो, माझ्या आईनं दोन मतं दिली रिमेनला, एकटीनं दोन. अभिमान आहे गं त्याला. राहू दे. डोळे पुस तू आधी, मी रडत नाहीये तर तू कशाला?

आलास? गरम मिळाल्या का रे? नाही, काही नाही, तिला तुझ्या बाबांबद्दल सांगत होते. हो, तयार आहे. पदर नीट आहे ना? लाव गं शमिका तुझा लाल दिवा.

'मी स्नेहलता दत्तात्रय गुर्जर. चाळीसहून जास्त वर्षं इंग्लंडमध्ये राहिले. दोन हजार सोळा साली मी—'

थांब. विसरले नाही रे, तू मध्ये बोलू नकोस. 'दोन हजार सोळा साली माझ्या मुलानं विश्वासानं त्याचं मत माझ्या हातात दिलं होतं. ते मी त्याला हवं तिथंच दिलं. अगदी चौकोनाच्या मधोमध.' झालं. नाही, एवढंच. एवढंच घ्या. —माझं? माझं कशाला सांगू, गुप्त असतं ना ते? हसतोस काय? हस. तुझे बाबा अस्सेच हसायचे, मान मागे टाकून.

बंद कर गं शमिका तो दिवा. बंद कर म्हणते ना.